मिरचीला गेलेला भाऊ

आपलं गाव, ता. चामोर्शी
९ फेब्रुवारी २०२५

चिमणे उर्वशी,

जय भीम. तू फोन लावत असशील आणि आत्या उचलत नाही म्हणून चिडत असशील. डावा कान तर कधीचाच गेला होता, आता उजव्यानंही संगत सोडली. फोन कानाला लावला की आत नुसती मधमाशी गुणगुणते. म्हणून लिहायला बसले. चाळिशी उलटल्यावर विहारातल्या वर्गात अक्षरं गिरवली, ती आता कामी येऊन राहिली.

निकेशचा निकाल सोमवारी लागला. दोन वर्षांची सजा झाली. त्याच्या मालवाहू टेम्पोत शेतकऱ्यांचे चोरीचे मोटारपंप सापडले, एवढंच कोर्टानं धरलं. दुरुस्तीला न्यायचे आहेत म्हणून ज्यानं गाडी सांगितली तो फरार, आणि आपला पोरगा स्टिअरिंगवर बसून सापडला. त्याला ठाऊक नव्हतं, हे मी छातीवर हात ठेवून सांगते. पण माझ्या छातीचा पुरावा कोण धरते? त्याला तिथूनच चंद्रपूरच्या जेलात नेलं. गाडीत चढतानाही बहिणीचीच काळजी, म्हणाला, "आत्या, बाईले सांगजो, रडू नको म्हणावं."

वकील म्हणाला, "माझं काम इथपर्यंत. आता गडचिरोलीच्या सेशन कोर्टात अपील टाका. तीस दिवसांच्या आत. जामीनही आता तिथूनच होईल." म्हणजे मार्चच्या पाच तारखेपर्यंत. निकालाची नक्कल आणि कोरं वकीलपत्र, तिकडे येणं-जाणं असलेल्या आपल्या डोमाच्या हाती पाठवते. वकीलपत्र जेलच्या गेटवर द्यायचं, आतून निकेशची सही आणि शिक्का होऊन परत येते. मग ते गडचिरोलीच्या वकिलाला द्यायचं. तुझ्या झेरॉक्सच्या दुकानात वकील येत असतात, तुझी ओळख आहे. बल्लारपूरहून चंद्रपूर तुला घर-अंगण. मी बहिरी म्हातारी, माझ्याच्यानं हे होत नाही.

सासूबाईंना, जावईबापू मिथुनरावांना जय भीम सांग.

तुझी आत्या,
गिरजाबाई


बल्लारपूर
२० फेब्रुवारी २०२५

आत्याबाई,

जय भीम. कागद मिळाले. रडले नाही असं निकेशला कळव, पण ते खरं नाही.

येत्या शनिवारी दुकानाच्या मालकांकडून, भैयाजींकडून, अर्धा दिवस सुट्टी घेऊन जेलवर जाते. सही झाली की लगेच वकील बघते. तू जिवाला घोर लावून घेऊ नको.

एक सांगायचं होतं. यापुढे पत्र घरी पाठवू नको, दुकानाच्या पत्त्यावर पाठव. आमच्या गल्लीत पोस्टमन कोणाचं पत्र कोणाच्याही दारात टाकतो. आणि डोमाभाऊ आले तर त्यांनाही दुकानातच पाठव.

आणखी एक. आपल्याकडून तेलंगणात मिरची तोडायला गेलेलं कोणी परत आलं, की त्यांच्याकडून दोन-तीन किलो लाल मिरची माझ्यासाठी घेऊन ठेवशील? मजुरीत मिळालेली असते ना, तीच. सासूबाईंना तिची चव फार आवडते.

तुझी उर्वशी


आपलं गाव
२ मार्च २०२५

उर्वशी माय,

शनिवार होऊन गेला, त्याच्यानंतरचाही गेला. सही झाली का? वकील मिळाला का? तू एक ओळ लिहिली असती तर मी गप बसले असते. पाच तारीख अंगणात येऊन उभी आहे.

इथे रोज कोणी ना कोणी विचारते, "गिरजाबाई, अपील टाकलं का वं?" मी म्हणते, माझी भाची कॉलेज शिकलेली आहे, दुसऱ्यांचे अर्ज भरून देते, ती भावाचा कागद विसरेल काय? एवढं बोलून घरात येते आणि मग उगाच भांडी घासत बसते, घासलेलीच.

मिरचीचं ध्यानात आहे. आपल्या गावची सोमारी मिरची तोडणाऱ्या टोळीसंग गेली आहे, शिमग्याला येते म्हणाली. तुला गावच्या तिखटाची आठवण येते हे वाचून बरं वाटलं. सासरी जीव रमला की माणसाला खायचं सुचते.

आत्या


बल्लारपूर
६ मार्च २०२५

आत्याबाई,

सही झाली. कागद वकिलाकडे आहेत. सगळं वेळेत झालं. जेलवर फार गर्दी होती म्हणून निकेशशी बोलणं झालं नाही.

घाईत आहे. दुकानात परीक्षेच्या अर्जांची झुंबड आहे.

उर्वशी


आपलं गाव
१८ मार्च २०२५

माझे गुणी बाय,

तुझं पत्र आलं आणि माझ्या पाठीवरचा धोंडा उतरला. लहानसं पत्र, पण त्यात मला हवं ते सगळं होतं. विहारात वाचून दाखवलं. बायांनी टाळ्या वाजवल्या म्हणतात, मला काही ऐकू आल्या नाही, हात दिसले. खीर केली. तुझ्या नावानं एक वाटी जास्त खाल्ली.

सोमारी शिमग्याला आली. तिला सांगितलं, उर्वशीला पाहिजे. तिनं पदर पसरायला लावला आणि मापलं नाही, ओतली. डोमाच्या हाती पाठवली आहे. डोळ्यात पाणी आणणारी आहे, कांडताना तोंडाला फडकं बांध.

मोहफुलं वेचायचे दिवस आहेत, पहाटे टोपली घेऊन निघावं लागते. एवढा हंगाम संपला की निकेशला भेटून येते. तोपर्यंत तुझं जाणं होतच असेल. त्याला सांग, आत्यानं खीर केली होती, तुझी राहिली आहे.

आत्या


आपलं गाव
११ एप्रिल २०२५

उर्वशी,

मी मंगळवारी चंद्रपूरला जाऊन आले.

जाळीच्या पलीकडे निकेश आला. वाळला आहे. दाढी वाढली आहे. हळू बोलला तर मला समजेना, म्हणून तो ओरडून बोलायला लागला. सारी माणसं वळून पाहत होती. मी विचारलं, "उर्वशी कशी आहे? मागच्या खेपेला काय म्हणाली?" तो म्हणाला, "बाई? बाई आलीच नाई!" ओरडूनच म्हणाला. कारण मी बहिरी.

मग मी सहीचं विचारलं. तो म्हणाला, "कायची सही?"

उर्वशी, त्यानं पुढचं सांगितलं ते ऐकून मी जाळीला धरून उभी राहिले. जेलच्या साहेबांनी त्याला दोन खेपा विचारलं होतं, "अपील करायचं का? इथूनच पाठवतो, वकील सरकारकडून फुकट मिळतो." त्यानं दोन्ही खेपा हात जोडून सांगितलं, "नाई जी, माही बाई करून राह्यली. शिकलेली हाये माही बाई." असं म्हणून यानं समोरचा कागद परत केला.

मी त्याला काय सांगू? म्हटलं, तुझा कागद वकिलाकडे अडकला असेल. खोटं बोलले. तोंड लपवून एसटीत बसले. गावात उतरल्यावर पहिल्या घरापासून लोक विचारत होते, पोरगा कसा आहे, अपिलाचं काय. मी कान दाखवत दाखवत घरी आले.

घरी डोमा भेटला, मिरची घेऊन गेला तो आताच परतला होता. त्याला मी दुकानाचा पत्ता दिला होता, पण दुकान बंद होतं म्हणून तो मिरची तुझ्या घरी देऊन आला होता. म्हणाला, "सासूबाईनं लय मानानं घेतली. म्हणल्या, निकेशनं पाठवली दिसते, मिरचीले गेला ना तो तिकडं तेलंगणात." डोमा बिचारा हो म्हणून मान हलवून आला.

तर मिरची ह्या खोट्यासाठी होती. मी म्हटलं, पोरीला गावच्या तिखटाची आठवण येते.

मी तुला शिव्या देत नाही. मला फक्त सांग, काऊन?

आत्या


बल्लारपूर
१९ एप्रिल २०२५

आत्याबाई,

चौदा तारखेला सगळे पांढरे कपडे घालून पुतळ्याकडे निघाले. मी पोट दुखते म्हणून घरी राहिले. तुझं पत्र ब्लाउजच्या आत होतं.

काऊन ते सांगते. लग्न ठरलं तेव्हा केस चालू होती. आपण इकडे सांगितलं नाही. सुटेलच तो, मग कशाला बोभाटा, असं तुम्ही सगळे म्हणालात आणि मीही मान डोलावली. सजा झाली तेव्हा सासूबाईंनी सहज विचारलं, "तुहा भाऊ दिसत नाई अलीकडं?" माझ्या तोंडून निघून गेलं, मिरचीला गेला. इतकं सोपं निघालं. मग त्या रोज विचारायच्या, आम्हाले आणंन का मिरची?

मी गेले होते गं जेलवर. त्या शनिवारी. पिशवीत वकीलपत्र होतं. पण समोरच सासूबाईंच्या भावाची, पोचूमामांची पानटपरी आहे हे मला माहीत नव्हतं. भेटीची रांग रस्त्यावरच लागते. मी रांगेकडे वळले आणि हाक आली, "काऊन वं सूनबाई, इकडं कुठी?" मी म्हटलं, कोर्टात झेरॉक्स द्यायला आले होते. त्यांनी बाकावर बसवलं, चहा मागवला. मी गेटकडे पाठ करून पूर्ण चहा प्यायले. मग ऑटोत बसून परत आले.

पुढे रोज ठरवायचे, उद्या. दुकानात लोक कोर्टाचे कागद झेरॉक्सला आणायचे, मी त्यांना सांगायची, लवकर करा, मुदत जाईल. आणि माझ्या भावाचा कागद माझ्याच टेबलाच्या खणात, परीक्षेच्या फॉर्मखाली. तारीख निघून गेली त्या दिवशी, तुला खरं सांगते, मला हलकं वाटलं. आता जायचंच नाही, असं वाटलं. हे लिहायला बोट उचलत नाही, पण तसंच वाटलं.

तो दोनदा नाही म्हणाला, माझ्या भरवशावर. आत्या, हे तू मला लिहायला नको होतं. नाही, लिहायला पाहिजेच होतं.

आता काही होऊ शकते का? दार बंद झालं का?

उर्वशी


आपलं गाव
३ मे २०२५

उर्वशी माय,

दार बंद झालेलं नाही. अर्धं लोटलेलं आहे.

मी गडचिरोलीला कोर्टातल्या फुकट मदतीच्या कचेरीत गेले. तिथे हर्षा नावाच्या वकीलबाई भेटल्या. तुझ्याएवढीच पोरगी, पण माझ्या त्यातल्या त्यात बऱ्या कानाशी येऊन बसली. म्हणाली, "आजी, मुदत गेली तरी अपील टाकता येते. पण संग एक अर्ज लागतो, उशीर माफ करा म्हणून. उशीर का झाला ते शपथेवर सांगावं लागते. कारण जजसाहेबांना पटलं तर ते अपील ऐकायला घेतात."

मी म्हटलं, लिही मग. म्हातारी आजारी होती, कागद तिच्या पेटीत राहून गेला.

"दवाखान्याचा कागद आहे?"

"नाही."

"मग खरं काय झालं?"

तेव्हा मात्र माझे दोन्ही कान गेले. तिनं तीनदा विचारलं, मला काही ऐकू आलं नाही.

तुला सांगते, मी शपथ घ्यायला तयार आहे. ह्या वयात मला कोण काय करते? तू सासरी सुखानं नांद. लग्नाच्या वेळी मीच म्हटलं होतं, बोभाटा कशाला. आमच्याच पेरणीचं हे उगवलं. तू बोल फक्त, गावातल्या डॉक्टरकडून आजाराचा कागद आणते.

वकीलबाईनं निकेशला जेलात भेटून नव्या वकीलपत्रावर सही घेतली. त्याला सारं सांगावं लागलं. मी सांगितलं. त्यानं तुला लिहिलं आहे, संग जोडते.

आत्या


(सोबतचं पत्र)

चंद्रपूर
१ मे २०२५

बाई,

जय भीम. आत्यानं मले सांगतलं. तुले तं ठाऊक हाये, बहिरं माणूस हळू बोलत नाई. आता अख्ख्या बराकीले माहीत हाये का मी मिरचीले गेलो. एकजण म्हणते, काऊन रे, भाव काय चालू हाये मिरचीचा?

बाई, तू काई मनाले लावून नको घेऊ. मी वकीलबाईले म्हणलं, असं लिहा का मीच अपील नको म्हणलो. मले लाज वाटत होती, बहिणीले मीच येऊ नको म्हणलं. माह्या नावावर एवढं लागलं हाये, त्याच्यात आणखी एक लागलं तं काय फरक पडते? तुह्या नावावर काई नाई, ते तसंच राहू दे.

आन् बाहेर आलो का मी सोमारीकाकीच्या टोळीत खरंच जाईन. पोतं भरून आणीन तुह्या सासूबाईले. मंग तुहं बोलणं खोटं नाई राहणार. निसतं उशिरा खरं झालं, असं होईन.

जेवण बरं भेटते. काळजी करू नको.

तुहा निकेश


बल्लारपूर
१७ जून २०२५

आत्याबाई,

इतके दिवस लिहिलं नाही. हर्षाताईंनी तुला निकाल सांगितला असेलच, पण तू अर्धंच ऐकलं असशील म्हणून लिहिते.

निकेशचं पत्र मी दुकानात वाचलं, उभ्यानं. संध्याकाळी घरी गेले तर सासूबाई सोमारीकाकीची मिरची कांडून डब्यात भरत होत्या. तोंडाला फडकं बांधलं होतं. मी तिथेच सांगितलं. एका दमात, कारण थांबले असते तर राहिलं असतं.

त्यांनी फडकं सोडलं. म्हणाल्या, "मंग हे तिखट कोणाचं?"

"सोमारीकाकीचं. गावच्या."

"मी साऱ्या गल्लीत वाटीवाटी देल्लं. सुनेच्या भावानं पाठवलं म्हणून." मग हातावरचं तिखट झटकलं. "चोराची बहीण म्हणून मी तुले घराबाहेर काढलं असतं का नाई, मले नाई माहीत. पण तू मले विचारलंच नाई. मलेच खोटं पाडलं गल्लीत."

त्यांनी डबा बंद करून वर ठेवला. त्या दिवसापासून तो उघडलेला नाही. भाजीत दुकानातलं तिखट असते. माझ्याशी कामापुरतं बोलतात. मिथुन एवढंच म्हणाले, "मले तरी सांगायचं होतं." पण कोर्टाच्या दिवशी त्यांनी न बोलता मोटारसायकल काढली आणि मला गडचिरोलीला नेलं. अख्ख्या रस्त्यात पाठ दिसत होती त्यांची.

शपथपत्र मीच टाइप केलं, आपल्या दुकानात. तुझं आजारपण नाही, निकेशचा नकार नाही. जे झालं ते. भाऊ जेलात आहे हे सासरी कळेल या लाजेनं मी सहीला गेले नाही, काम झालं असं आत्याला खोटं कळवलं, आणि माझ्या भरवशावर त्यानं जेलातून मिळणारी मदत नाकारली. लोकांचे शेकडो अर्ज टाइप केले, असा कधी केला नव्हता. भैयाजी मागे उभे राहून वाचत होते. प्रिंटचे पैसे घेतले नाहीत आणि माझ्याकडे बघितलंही नाही.

सरकारी वकील म्हणाले, लाज वाटली हे काही कारण झालं का? कोर्टात दोन-चार लोक हसले. जजसाहेबांनी विचारलं, "ही बहीण आली आहे का?" मी उभी राहिले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि मी फरशीकडे. ते म्हणाले, आरोपी आत होता, त्याला फसवून भरवशावर ठेवलं गेलं, बहिणीच्या वागण्याचा भार त्याच्यावर टाकता येणार नाही. उशीर माफ केला. अपील ऐकायला घेतलं. जामिनावर पुढच्या आठवड्यात ऐकतील. सुटेलच असं हर्षाताई म्हणत नाहीत, पण आता ऐकतील तरी. जामीनदार लागेल, तो अजून मिळालेला नाही. मी घरात विचारलं आहे.

फसवून, असा शब्द वापरला त्यांनी. बरोबरच आहे तो.

काल निकेशला सांगायला गेले. रांगेत उभी राहिले. टपरी उघडी होती. पोचूमामांनी पाहिलं, पण हाक मारली नाही, चालत जवळ आले. म्हणाले, "सूनबाई, आज इथी कायले?"

"भेटीले."

"कोण हाये आत?"

"माहा भाऊ."

रांगेतली एक बाई वळून बघायला लागली. मामा टपरीवर जाऊन पानाला चुना लावू लागले. या वेळी चहा विचारला नाही.

आत निकेशला निकाल सांगितला. तो मग जाळीजवळ आला आणि अगदी हळू म्हणाला, "बाई, येताना तुले कोणी पाह्यलं तं नाई ना?"

मी म्हटलं, "पोचूमामानं पाह्यलं. साऱ्यांनी पाह्यलं."

"मंग जाय लवकर," तो म्हणाला. "उगाच उभी नको राहू इथी."

भेटीची वेळ संपल्याची घंटा होईपर्यंत मी उभी राहिले.

तुझी
उर्वशी